कुया, मनोयचे सिनेमे दाखवलेस त्याबद्दल थँक्यू

प्रिय कुया,

तुला मराठी येत नाही आणि मला तुमच्या फिलिपिनो भाषेतलं ‘सालामात’ म्हणजे थँक्यू आणि ‘कुया’ म्हणजे दादा, एवढं सोडून फारसं काही येत नाही, तरी हे मराठीतच लिहितोय, कारण आपल्या हिंदी-इंग्लिशच्या खिचडीत आभार मानायला गेलो की तू "ओके ओके" करून विषय बदलतोस.

दुबईत इव्हेंटच्या लाइट-साउंडच्या कामाला लागलो तेव्हा पहिल्याच आठवड्यात स्टेजमागे केबलमध्ये पाय अडकून मी तोंडावर आपटणार होतो, तू मागून कॉलर धरलीस. बाकीचे हसले, तू नाही. टेपचा रोल हातात दिलास आणि रात्री दोन वाजेपर्यंत एकूण एक केबल जमिनीला चिकटवून घेतलीस माझ्याकडून. म्हटलं काय खडूस माणूस आहे हा. मग रूमवर आल्यावर मोबाइलमध्ये एका म्हाताऱ्याचा फोटो दाखवलास आणि एवढंच म्हणालास, मनोय.

मनोय म्हणजे फिलिपिन्समधल्या तुमच्या बिकोल भागात थोरला भाऊ, आमचा दादा. फोटोतला म्हातारा म्हणजे तुमचा नट एडी गार्सिया, त्याला सगळे मनोय म्हणायचे. तुझ्याच सोरसोगोन प्रांतातला, जुबान गावचा, जन्म १९२९. ८ जून २०१९ ला मनिलाच्या तोंडो भागात सिरियलचं शूटिंग चालू असताना वायरीत पाय अडकून पडला, मानेचं हाड मोडलं, २० जूनला गेला. वय वर्षं नव्वद, आणि तरी सेटवर! त्या दिवसापासून तू उघडी केबल बघू शकत नाहीस हे मला तेव्हा कळलं.

मग सुट्टीच्या दिवशी तुझा पेन ड्राइव्ह निघायला लागला. मी नवीन, घरची आठवण येऊन रडकुंडीला आलेला, आणि तू दर दोन मिनिटांनी सिनेमा थांबवून डायलॉगचा अर्थ सांगणार, त्यात निम्मं तूच हसणार. पण त्या माणसाचं काय काय बघितलं यार. आधी सैन्यात होता, १९४९ ला पहिला सिनेमा, तिथून जवळजवळ सत्तर वर्षं, सिनेमा-टीव्ही मिळून सहाशेच्या वर कामं. अर्थात सहाशेतले सगळे चांगले कसे असणार, दोन मारधाडीचे तर तू मला जबरदस्ती दाखवलेस ज्यात मनोय शेवटी मरणार हे पहिल्या पाच मिनिटांत कळतं. व्हिलन म्हटलं की तुझे डोळे चमकतात. मी तुला तेव्हा आमच्या निळू फुलेंबद्दल सांगितलं होतं, की पडद्यावर दिसले की बायका बोटं मोडायच्या आणि प्रत्यक्षात माणूस एकदम साधा, तर तू म्हणालास, मग तो तुमचा मनोय.

मला मात्र तो व्हिलन नसतानाचाच जास्त आवडतो, यावरून आपलं भांडण अजून मिटलेलं नाही. १९७० च्या दशकाच्या सुरुवातीला दिग्दर्शक लिनो ब्रोकाच्या ‘तुबोग सा गिंतो’मध्ये, म्हणजे सोन्याचा मुलामा, त्याने बायको-मुलगा असलेला पण आतून गे असलेला श्रीमंत माणूस केला. त्या काळात, व्हिलन म्हणून नाव झालेलं असताना! वर दिग्दर्शनही केलं, फामास या तुमच्याकडच्या सिनेमा-अवॉर्डमध्ये सहाय्यक अभिनेता, अभिनेता आणि दिग्दर्शक अशा तिन्ही विभागांत हॉल ऑफ फेम.

आणि ‘बुआकाव’, २०१२ चा. त्र्याऐंशीचा मनोय, पोस्टातला खडूस म्हातारा रेने, सेलमध्ये शवपेटी विकत घेऊन ठेवलेला, मरायची वाट बघत बसलेला, आणि सोबत एक भटकी कुत्री. तो फार काही करतच नाही रे, नुसता चिडतो, चालतो, गप्प बसतो, आणि शेवटी मी उशीत तोंड घालून रडत होतो आणि तू मुकाट्याने चहा करून आणलास, त्याबद्दलपण थँक्यू. लगेच पुढच्या आठवड्यात ‘एमएल’ लावलास, २०१८ चा, त्यात हाच माणूस मार्शल लॉच्या, म्हणजे तुमच्याकडच्या लष्करी कायद्याच्या काळातला रिटायर्ड कर्नल, कॉलेजच्या पोराला छळ म्हणजे काय ते करून दाखवतो. एकोणनव्वदाव्या वर्षी. मला रात्री झोप लागली नाही, तू घोरत होतास.

मे २०२४ ला तुमच्याकडे त्याच्या नावाने कायदा झाला, सिनेमा-टीव्हीच्या कामगारांच्या सेफ्टीचा आणि कामाच्या तासांचा, ताणून ताणून दिवसाला जास्तीत जास्त चौदा तास. तू बातमी वाचून दाखवलीस तेव्हा आपला सोळावा तास चालू होता आणि आपण दोघं येड्यासारखे हसत सुटलो.

पुढच्या महिन्यात तू कायमचा घरी चाललास. पोरांना केबल चिकटवायला मी शिकवतोय, शिव्या खातोय, तुला मी घातल्या तशाच. पेन ड्राइव्ह मात्र माझ्याकडेच राहू दे कुया, ‘बुआकाव’ अजून एकदा बघायचाय, कुत्रीचा तेवढा सीन पुढे ढकलून.

तुझा,
खालच्या बेडवाला