समोरची बाग

प्रिय मित्रा,

बाबा अजून फिरायला जातात का, असं तू विचारलंस. नाही जात. बाग समोरच आहे, चौथ्या मजल्यावरून तिची झाडंही दिसतात. पण मधला रस्ता रुंद झाला, दुभाजकावर उंच जाळी बसली आणि झेब्रा क्रॉसिंग गेलं. आता पलीकडे जायचं तर पादचारी पूल चढायचा. बाबांच्या गुडघ्यांना त्या पायऱ्या झेपत नाहीत. बाग शंभर पावलांवर आहे आणि त्यांच्यापुरती ती संपली.

पादचारी पूल म्हणतात खरं, पण मला वाटतं तो गाड्यांसाठीच असतो. त्यांना थांबायला लागू नये, म्हणून म्हाताऱ्यांनी जिने चढायचे!

तेव्हापासून यावर मिळेल ते वाचतोय. शहररचनेचे अभ्यासक डोनाल्ड अ‍ॅपलयार्ड यांनी सॅन फ्रान्सिस्कोतल्या तीन रस्त्यांवर राहणाऱ्या लोकांना विचारलं होतं, इथे तुमचे मित्र किती? दिवसाला सुमारे २००० गाड्या जायच्या तिथे सरासरी ३, आणि १६,००० जायच्या तिथे एकसुद्धा धड नाही, ०.९. वाचलं आणि आपली गल्ली आठवली. आपण भेटलो ते रस्त्यात खेळतानाच ना? तिथून गाड्या सुसाट जात असत्या, तर हे पत्र मी कुणाला लिहिलं असतं?

रॉजर उलरिच यांचा १९८४चा अभ्यासही वाचला. पित्ताशयाच्या शस्त्रक्रियेनंतर ज्या २३ रुग्णांना खिडकीतून झाडं दिसत, ते विटांची भिंत दिसणाऱ्या २३ जणांपेक्षा लवकर घरी गेले. त्यांना तीव्र वेदनाशामकंही कमी लागली. म्हणून बाबांची खुर्ची खिडकीशी हलवली. बसतात तासन्‌तास. पण बाकावर त्यांची वाट बघणारी माणसं खिडकीतून कशी भेटणार?

दक्षिण कोरियातल्या सोल शहराने २००३ ते २००५ मध्ये एक उन्नत महामार्ग पाडून त्याच्याखाली झाकलेला चंगेचन ओढा जवळपास सहा किलोमीटर मोकळा केला. मी एवढं मोठं काही मागत नाही. एक सिग्नल हवा, आणि हळू चालणाऱ्याला पुरेल इतका हिरवा दिवा. शेजाऱ्यांच्या सह्या गोळा करतोय, पासष्ट झाल्यात.

तू आलास की बाबांना गाडीने नेऊ. पुढच्या चौकातून वळसा घेत, या घरापासून त्या फाटकापर्यंत. येण्याची तारीख कळव, त्यांना आधीच सांगून ठेवतो.

तुझाच,
जुना सवंगडी