ज्युनियर फिगर स्केटिंग : पदकासोबत गुणही छापावेत

मा. संपादक,
स. न. वि. वि.

पुण्यातील मुलामुलींनी परदेशातून स्केटिंगची पदके आणल्याच्या बातम्या वृत्तपत्रांच्या क्रीडा पानांवर वरचेवर येतात. मीही गेली सात वर्षे मुलीला पहाटे सरावाला घेऊन जाणारी पालक असल्याने त्या आवर्जून वाचते. गेल्या वर्षी अशीच एक बातमी माझ्या मुलीबद्दल छापून आली. तिच्या प्रशिक्षण वर्गातर्फे ती परदेशातील बर्फावरच्या एका खुल्या स्पर्धेला गेली होती आणि तिला कांस्यपदक मिळाले होते. 'आंतरराष्ट्रीय ज्युनियर स्पर्धेत पुण्याला पदक' हा मथळा वाचून बारा वर्षांच्या त्या मुलीने मला विचारले, "आई, आमच्या गटात आम्ही चौघीच होतो, हे त्यांनी का नाही लिहिलं?" तिला नीट उत्तर देता यावे म्हणून मी नियम वाचायला घेतले, आणि जे समजले ते इतर पालकांपर्यंतही पोहोचावे असे वाटल्याने हे पत्र लिहीत आहे.

पहिली गोष्ट 'ज्युनियर' या शब्दाची. बर्फावरील फिगर स्केटिंगचे नियमन १८९२ मध्ये स्थापन झालेली इंटरनॅशनल स्केटिंग युनियन, म्हणजे आयएसयू, करते. तिच्या नियमांनुसार एकेरीतील ज्युनियर खेळाडूने हंगामापूर्वीच्या १ जुलैच्या आत वयाची १३ वर्षे पूर्ण केलेली असली पाहिजेत आणि १९ वर्षे पूर्ण केलेली नसली पाहिजेत. म्हणजे माझी मुलगी ज्या स्पर्धेत उतरली, ती या अर्थाने ज्युनियर स्पर्धा असूच शकत नव्हती. वयाच्या या अटी किती काटेकोरपणे पाळल्या जातात, हे जपानच्या माओ शिमादाकडे पाहिले की कळते. तिने २०२३, २०२४ आणि २०२५ अशी सलग तीन वर्षे जागतिक ज्युनियर विजेतेपद मिळवले, तरीही २०२६ च्या मिलान-कोर्तिना ऑलिंपिकला ती पात्र ठरू शकली नाही. आयएसयूने २०२२ मध्ये वरिष्ठ गटाची किमान वयोमर्यादा टप्प्याटप्प्याने १५ वरून १७ वर नेली होती, आणि तिची १७ वर्षे १ जुलै २०२५ नंतर चार महिन्यांनी पूर्ण झाली. कोवळ्या शरीरांवरचा ताण कमी करणारा हा नियम मला पालक म्हणून योग्यच वाटतो.

ज्युनियर खेळाडूंसाठी प्रमुख स्पर्धा दोन आहेत. १९९७-९८ च्या हंगामापासून चालत आलेली ज्युनियर ग्रां प्री ही मालिका साधारणपणे ऑगस्टअखेर सुरू होते. तिच्यात बहुधा सात स्पर्धा असतात, एका खेळाडूला त्यांपैकी जास्तीत जास्त दोन खेळता येतात, पहिल्या क्रमांकाला १५, दुसऱ्याला १३, तिसऱ्याला ११ असे गुण मिळतात आणि त्यांच्या बेरजेवरून पहिले सहा जण डिसेंबरमधील अंतिम स्पर्धेला जातात. दुसरी स्पर्धा म्हणजे हंगामाच्या शेवटी होणारी जागतिक ज्युनियर स्पर्धा. या दोन्हींत खेळाडू स्वतः पैसे भरून नाव नोंदवू शकत नाही, त्याची राष्ट्रीय संघटना त्याला पाठवते. कोणत्या देशाला किती जागा, हे त्या देशाच्या खेळाडूंनी आदल्या जागतिक ज्युनियर स्पर्धेत मिळवलेल्या क्रमांकांवरून ठरते, आणि जागतिक स्पर्धेत एका देशाचे एका प्रकारात तीनपेक्षा अधिक खेळाडू कधीच नसतात.

प्रत्येक सदस्य देशाला जागतिक स्पर्धेत एक जागा असते हे खरे, पण तिथे उतरण्यासाठी खेळाडूने त्याच किंवा आदल्या हंगामात आयएसयूने मान्य केलेल्या आंतरराष्ट्रीय स्पर्धेत किमान तांत्रिक गुण मिळवलेले असावे लागतात. माझ्या मते पालकांनी सर्वांत आधी समजून घ्यावी अशी अट हीच आहे. तांत्रिक गुण म्हणजे केवळ उड्या, गिरक्या आणि पदन्यास यांचे गुण. संगीत, सादरीकरण, स्केटिंगची सफाई यांचे गुण वेगळे असतात आणि ते या अटीसाठी धरले जात नाहीत. प्रत्येक उडीला ठरलेले मूल्य असते : डबल ॲक्सेलला ३.३०, ट्रिपल लुट्झला ५.९०, ट्रिपल ॲक्सेलला ८.००. उडी कशी झाली हे पाहून पंच उणे पाच ते अधिक पाच अशी श्रेणी देतात आणि तिची प्रत्येक पायरी मूल्याच्या दहा टक्क्यांइतकी असते. सर्वांत वरची व सर्वांत खालची श्रेणी वगळून उरलेल्यांची सरासरी काढली जाते. पंचांव्यतिरिक्त एक तांत्रिक मंडळ चित्रफीत पुन्हा पाहून हवेतील फेरे पूर्ण झाले की नाही हे ठरवते. पाव फेऱ्याहून अधिक कमी पडलेल्या उडीचे मूल्य घटते आणि अर्धा फेरा कमी पडला तर ती एक फेरा कमी असलेली उडी म्हणून मोजली जाते. सुमारे २ मिनिटे ४० सेकंदांचा शॉर्ट प्रोग्रॅम आणि साडेतीन मिनिटांचे फ्री स्केटिंग, खेळाडूच्या या दोन्ही सादरीकरणांतील एकेका घटकाचा असा हिशेब गुणपत्रकात उघडपणे प्रसिद्ध केला जातो. चार मुलींच्या गटातील तिसरा क्रमांक आणि चाळीस मुलींमधील पंचविसावा क्रमांक यांत कोणता मोठा, हे पदकावरून कधीच कळणार नाही, त्या कागदावरून मात्र लगेच कळते.

आपल्या पुण्यात बहुतेक मुलांना स्केटिंगची ओळख होते ती चाकांवर. सोसायटीच्या पार्किंगपासून मैदानापर्यंत जिथे गुळगुळीत जागा मिळेल तिथे ती शिकतात. रोलर स्केटिंग हा स्वतंत्र आणि मोठा खेळ आहे, त्याची जागतिक संघटना वर्ल्ड स्केट ही वेगळी आहे आणि त्यातील यश कुठेही उणे नाही. पण चाकांवरून बर्फावर जायचे ठरले की पुण्याच्या मुलाला गुरुग्राम किंवा देहरादून गाठावे लागते. देहरादूनचा रिंक २०११ च्या दक्षिण आशियाई हिवाळी स्पर्धांसाठी बांधला गेला, नंतर अनेक वर्षे बंद राहिला आणि २०२५ मध्ये पुन्हा सुरू झाला. एवढ्या अंतरावर सराव करणाऱ्या कुटुंबाचा प्रत्येक रुपया मोलाचा असतो. आमच्या वर्गाने परदेशवारीसाठी मागितलेल्या रकमेत मुलीचा कित्येक आठवड्यांचा सराव झाला असता, आणि स्पर्धेचा दर्जा कोणता हे मी विचारले तेव्हा 'इंटरनॅशनल आहे' यापलीकडे उत्तर मिळाले नाही. खुल्या स्पर्धा वाईट आहेत असे मी म्हणत नाही. लहान मुलांची भीड तिथे मोडते, माझ्या मुलीचीही मोडली. मात्र त्यांचे स्वरूप आधी स्पष्ट सांगितले पाहिजे.

म्हणून माझी विनंती आहे की अशा यशाची बातमी देताना ती स्पर्धा आयएसयूच्या मान्यतेची आहे की खुली, खेळाडूला राष्ट्रीय संघटनेने पाठवले होते की क्लबने, गटात किती जण होते आणि गुण किती मिळाले, एवढे तरी आपल्या वार्ताहरांनी आयोजकांकडून विचारून घ्यावे आणि छापावे. माझी मुलगी येत्या मे महिन्यात तेरा वर्षांची होईल. तिची पुन्हा बातमी आली, तर तिच्या नावापुढे डबल ॲक्सेलचे गुण असावेत, असे तिनेच मला लिहायला सांगितले आहे.

आपली विश्वासू,
एक पालक,
कोथरूड, पुणे ३८