आपसात मिटवून घ्या, म्हणजे नेमके काय?

प्रति,
माननीय नगरविकास मंत्री,
महाराष्ट्र राज्य, मुंबई

विषय : शेजारच्या अनधिकृत बांधकामाविषयीच्या तक्रारींवर वेळेत कार्यवाही होण्याबाबत

महोदय,

नाशिकमधील आमच्या रो-हाउसच्या पूर्वेला, शेजाऱ्यांनी सामासिक अंतरात, म्हणजे इमारतीभोवती मोकळ्या सोडायच्या जागेत, दोन कॉलम उभे केले तेव्हा त्यांच्या सळया अजून उघड्या होत्या. त्याच आठवड्यात मी लेखी तक्रार दिली. आज तिथे दोन स्लॅब पडले आहेत. आमच्या स्वयंपाकघराच्या खिडकीचे झडप चार बोटे उघडते आणि त्यांच्या भिंतीला टेकते. पावसाळ्यात त्यांच्या गच्चीचे पाणी आमच्या भिंतीत मुरून ओट्यामागच्या टाइल्स सुटल्या.

या काळात संबंधित कार्यालयाकडून मला एक आवक क्रमांक मिळाला, मोबाइलवर फोटो काढून गेलेल्या कनिष्ठ अभियंत्यांचे दर्शन घडले आणि "शेजारीच आहात, आपसात मिटवून घ्या" असा सल्ला मिळाला. मी स्वतः 27 वर्षे सरकारी नोकरीत आवक-जावक सांभाळली असल्याने शिक्का पडल्यानंतर कागद कुठे मुक्काम करतो, याची मला थोडीफार कल्पना आहे. मात्र अर्ज एका टेबलावरून दुसऱ्या टेबलावर जायला महिना लागत असताना तक्रारदाराचे नाव त्याच संध्याकाळी शेजाऱ्यांच्या कानी कसे पडते, हे कोडे मला सुटलेले नाही.

आपसात मिटवायचे तरी काय? हद्दीचा वाद असता तर मी दिवाणी न्यायालयात गेलो असतो. काम मंजूर नकाशाप्रमाणे आहे की नाही, हे ठरवणे माझ्याही हातात नाही आणि शेजाऱ्यांच्याही नाही; ते काम महाराष्ट्र प्रादेशिक व नगररचना अधिनियम, 1966 ने नियोजन प्राधिकरणाकडे, म्हणजे येथे महानगरपालिकेकडे, सोपवले आहे. कलम 54 खाली चालू काम थांबवता येते, कलम 53 खाली झालेले काम काढण्याची नोटीस देता येते, शिवाय महानगरपालिका अधिनियमाचे कलम 260 आहेच. उडुपीतील एका चित्रपटगृहाच्या खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने 1974 मध्येच मान्य केले होते की, नियमबाह्य बांधकामामुळे त्या भागातील रहिवाशांच्या हक्काला बाधा पोहोचते. त्याच न्यायालयाच्या 17 डिसेंबर 2024 च्या निकालात तर प्रशासकीय दिरंगाईच्या आड बेकायदा बांधकामाला संरक्षण मिळू शकत नाही, असे बजावले गेले आणि भोगवटा प्रमाणपत्र पाहिल्याशिवाय वीज-पाण्याच्या जोडण्या देऊ नयेत, असेही निर्देश दिले गेले.

मी जेसीबी मागत नाही. पाडकामापूर्वी 15 दिवसांची नोटीस आणि म्हणणे मांडण्याची संधी मिळालीच पाहिजे, हा सर्वोच्च न्यायालयाचा नोव्हेंबर 2024 चा निकाल मला मान्य आहे आणि ती संधी माझ्या शेजाऱ्यांनाही मिळावी. पण नेमके म्हणूनच जोत्याच्या पातळीवर काम थांबवणे सर्वांच्याच सोयीचे असते. तेव्हा नुकसान दोन कॉलमचे असते. स्लॅब पडला, भाडेकरू आले, मुलांच्या शाळा सुरू झाल्या की तोच विषय माणुसकीचा होतो आणि मग कारवाई करणाऱ्याचाही हात अडखळतो. महानगरपालिका अधिनियमाच्या कलम 267अ खालची शास्ती, म्हणजे दंड, भरली की बांधकाम नियमित होते, असा एक समज आमच्या भागात पक्का आहे. कायदा त्याच्या उलट सांगतो, पण तो समज दूर करण्याची तसदी कोणी घेत नाही.

मार्च 2022 मध्ये येथील नगरसेवकांची मुदत संपली आणि पुढे दीर्घकाळ प्रशासकीय राजवट राहिली, त्यामुळे गाऱ्हाणे घेऊन जायला जवळचे दारही उरले नव्हते. आता 2027 च्या सिंहस्थाच्या कामांचा व्याप आहे, हे उत्तर मी दोनदा ऐकले. व्याप खराच आहे. परंतु चालू काम थांबवण्याच्या एका पानी नोटिशीला सिंहस्थ आड यावा, हे पटत नाही.

तरी आपण सर्व महानगरपालिकांना स्पष्ट आदेश द्यावेत की, चालू बांधकामाची तक्रार आल्यास ठरावीक दिवसांत जागेवर पंचनामा व्हावा, त्याची प्रत तक्रारदाराला मिळावी, कारवाई करायची नसल्यास कारण लेखी कळवावे आणि तक्रारदाराचे नाव गोपनीय राहावे. मुदत चुकल्यास जबाबदारी कोणत्या अधिकाऱ्याची, हेही त्याच आदेशात लिहिलेले असावे.

काल सकाळी शेजारी टेम्पोतून सेंटरिंगच्या प्लेटा उतरल्या. तिसरा स्लॅब पडण्यापूर्वी निदान माझ्या अर्जावर मोजमापाचा टेप घेऊन कोणीतरी यावे, ही विनंती.

आपला विश्वासू,
नाशिकमधील एक रहिवासी