गांधीलमाशीच्या डंखावर एविल पुरत नाही

संपादक महोदय,

भातकापणीच्या दिवसांत गांधीलमाश्यांच्या हल्ल्याची बातमी पेपरात दोन-तीन ओळींत येते. इतके जखमी, उपचार सुरू. त्या उपचारांत नेमके काय असायला हवे, हे मला गेल्या वर्षी माझ्याच घरात कळले, म्हणून हे पत्र.

ऑक्टोबरची अखेर होती. काजूच्या बागेत ग्रासकटर चालू होता. गडग्यालगतच्या झुडपात गांधीलमाशीचे पोळे होते, ते वाढलेल्या गवतामुळे कुणाला दिसले नाही. मला सहा-सात चावल्या. हात कोपरापर्यंत सुजला, दोन दिवस ठणकला आणि उतरला. चहा घेऊन आलेल्या माझ्या पत्नीला दोनच चावल्या, मानेवर. हे मुद्दाम लिहितो, कारण किती चावल्या यावरून आपण धोका ठरवतो. शिवाय तिला पूर्वीही गांधील चावली होती आणि काही झाले नव्हते, त्यामुळे आम्ही निर्धास्त. डॉक्टरांनी नंतर समजावले की आधीच्या डंखातच शरीर त्या विषाला ओळखून तयार होऊन बसते आणि पुढच्या खेपेला उसळते.

पाच मिनिटांत तिचे तळहात आणि तळपाय खाजू लागले. पोटावर, पाठीवर गांधी उठल्या. डंख मानेवर आणि गांधी पोटावर, इथेच मला कळायला हवे होते. जिथे चावले तिथेच सूज आली तर ती कितीही मोठी असो, ती बहुधा उतरते. पण डंखापासून दूर अंगावर गांधी उठल्या, ओठ-जीभ सुजली, आवाज बसला, धाप लागली, पोटात कळ येऊन उलटी झाली, डोळ्यांपुढे अंधारी आली, तर ते साधे पित्त नव्हे, ती जिवावर बेतणारी ॲलर्जीची रिॲक्शन असते. तिचा आवाज जड झाला. ती म्हणाली, "माका कसातरीच होता. मी आता वाचूचंय नाय." आम्ही तिला धीर देत राहिलो. असे वाटणे हेसुद्धा या रिॲक्शनचे एक लक्षण असते, हे तेव्हा कुणाला ठाऊक होते!

शेजाऱ्यांनी कोयता घासला, चुना लावला. त्यात दहा मिनिटे गेली. मग मोटरसायकलवर दोघांच्या मध्ये बसवून तिला एका दवाखान्यात नेले. तिथे एविल हे ॲलर्जीवरचे नेहमीचे औषध आणि डेक्सा या स्टेरॉइडचे इंजेक्शन मिळाले, "ॲलर्जी आहे, घरी न्या" असे सांगितले गेले. ती बाकावरून उठून दारापर्यंत चालत आली आणि कोसळली. रक्तदाब एकदम उतरलेल्या माणसाला बसवणे, उभे करणे, चालवणे हेच जिवावर बेतू शकते. तिला आडवे निजवून पाय उंच ठेवायला हवे होते. फार धाप असेल तर टेकून बसवावे, उलटी होत असेल तर कुशीवर वळवावे, पण चालवू नये.

तिथून रिक्षाच्या मागच्या सीटवर निजवून सरकारी रुग्णालयात नेले. तिथल्या तरुण डॉक्टर बाईंनी एकही प्रश्न विचारण्याआधी मांडीच्या बाहेरच्या बाजूला ॲड्रेनॅलिन टोचले. अर्धा मिलिग्रॅम. पाच-सात मिनिटांनी पुन्हा तेवढेच. माझ्या डोळ्यांदेखत तिच्या ओठांचा रंग परतला. एविलने खाज आणि गांधी कमी होतात, स्टेरॉइडचा परिणाम व्हायला तास लागतात. बंद होणारा घसा आणि पडणारा रक्तदाब सावरायचे काम ॲड्रेनॅलिनच करते, असे बाईंनी सांगितले. बरे वाटल्यावर काही तासांनी त्रास उलटू शकतो म्हणून रात्रभर ठेवून घेतले.

आता माझे म्हणणे. करोनाची लस घेतल्यावर आपण सगळे अर्धा तास खुर्च्यांवर बसून होतो. ते याच रिॲक्शनच्या धास्तीने. गावातल्या लसीकरणाच्या दिवशी परिचारिकेजवळ ॲड्रेनॅलिनचे किट असते आणि अशी रिॲक्शन आली तर पहिला डोस देऊन रुग्णाला पुढे पाठवण्याचे शिक्षणही तिला दिलेले असते. औषध तेच, रिॲक्शन तीच, फक्त कारण लसीऐवजी गांधीलमाशी. मग बागेतून धावत आलेल्या बाईला तो डोस आमच्या उपकेंद्रात का मिळू नये? आरोग्य खात्याने तसा स्पष्ट आदेश काढावा आणि ते किट लसीकरणाच्या दिवसापुरते न ठेवता बारा महिने हाताशी ठेवावे. त्या औषधाची छोटी काचेची कुपी, म्हणजे ॲम्प्यूल, काही महाग नसते.

आणि आपणास विनंती, अशी बातमी छापताना तिच्याखाली चार ओळी द्याव्यात: अंगभर गांधी किंवा धाप दिसताच १०८ ला फोन करा, माणसाला आडवे निजवा (फार धाप असेल तर टेकून बसवा), ॲड्रेनॅलिन कुठे मिळेल ते विचारा. मधमाशी असेल तर काटा नखाने लगेच खरवडून काढा, कारण त्याच्याबरोबरची विषाची पिशवी आत विष ढकलत राहते. गांधीलमाशी काटा सोडत नाही, तो शोधत बसू नका. आग्या मोहोळाच्या दहा-वीस माश्या चावल्या असतील तर ॲलर्जी नसली तरी रुग्णालय गाठा, तेवढे विष मूत्रपिंडांनाही झेपेलच असे नाही.

स्वतः टोचायचे तयार पेन आमच्या बाजारात मिळाले नाही. डॉक्टर बाईंनी चिठ्ठी लिहून दिली, सिरिंज कशी भरायची ते माझ्याकडून तीनदा करून घेतले. ॲम्प्यूल आणि दोन सिरिंजा एका डब्यात, उन्हापासून दूर, माजघरात ठेवल्या आहेत. दर महिन्याच्या एक तारखेला मी ॲम्प्यूल उजेडात धरून पाहतो, औषधाला तांबूस झाक आली नाही ना. पत्नी बागेत निघाली की डबा माझ्या पिशवीत असतो.

आपला,
एक काजू बागायतदार, जि. सिंधुदुर्ग