भाव वाढले म्हणून माल नाही?

संपादक साहेब, नमस्कार. इतवारीतल्या एका सप्लायरले दुकानाच्या रॅकसाठी लोखंडी अँगलचा ॲडव्हान्स दिला, आता तो म्हणते रेट वाढले, पाऊसही भल्ला झाला, माल जमत नाही, अन् बिलामागची ‘नैसर्गिक आपत्ती आली तर माल देणं बंधनकारक नाही’वाली ओळ दाखवते. अहो, १८७२ च्या करार कायद्याचं कलम ५६ काम अशक्य किंवा बेकायदेशीर झालं तरच करारातून सोडवते, महाग पडलं म्हणून नाही, सुप्रीम कोर्टानं २०१७ मध्ये एनर्जी वॉचडॉगच्या, म्हणजे वीज कंपन्यांच्या महागलेल्या कोळशाच्या, केसमध्ये हेच सांगितलं. २०२३ च्या सप्टेंबरात अंबाझरी तलावाचं पाणी लोकांच्या घरात शिरलं, तेव्हा कोणी थांबा म्हटलं असतं तर समजलो असतो. अन् करार खरंच अशक्य झाला तरी कलम ६५ प्रमाणे ॲडव्हान्स परत द्यावाच लागते, त्यावर मात्र भाऊ एकदम चूप!

– एक दुकानदार, महाल, नागपूर