दवबिंदू पाठवणार नाही

राजापूर, गोकुळाष्टमी

प्रिय सुधीर,

सप्रेम नमस्कार.

पत्र पोचलं. दवबिंदूचं रोप पार्सलने पाठव म्हणतोस, बाल्कनीतले डास खाईल म्हणून. पाठवणार नाही. रागावू नकोस, आधी कारण ऐक.

सड्यावरून, म्हणजे कातळाच्या पठारावरून, उतरणाऱ्या पऱ्ह्याच्या (ओढ्याच्या) काठी जांभा झिजून झालेली भरड वाळू आहे. पावसाने तिचं सगळं सत्त्व धुऊन नेलंय. गवतही जेमतेम उगवतं, पण हा दवबिंदू तिथेच रमतो. जमिनीत नत्र नाही, ते तो किड्यांतून घेतो. तू कुंडीत शेणखत घालणार, वर नळाचं पाणी. चार दिवसांत मान टाकेल. आणि डासांचं म्हणशील तर चिलटं, मुंग्या, बारीक माश्या, हाच त्याचा मुख्य आहार.

पान शेवईसारखं बारीक, त्यावर तांबूस केस आणि प्रत्येक केसाच्या टोकाला चिकट थेंब. ऊन तापलं तरी थेंब वाळत नाही. चिलट अडकलं की धडपडतं आणि आणखीच गुंतत जातं. आजूबाजूचे केस हळूहळू त्याच्याकडे वाकतात, पाचक रस मऊ अंग विरघळवतो, टरफल तेवढं उरतं.

डार्विनने याच्या युरोपातल्या गोल पानांच्या भावंडावर केलेले प्रयोग १८७५ साली पुस्तकरूपाने छापले. दूध किंवा कच्च्या मांसाचं पाणी घातलं की केस वाकायचे. साखरेचं पाणी, गोंद, चहा घातला तर ढिम्म. चहाला दाद न देणाऱ्या घराण्यातला हा, तुझ्याकडे कसा टिकायचा!

फुलाकडे मात्र कोणी बघत नाही, याची मला चीड येते. येणारा जाणारा पानांचेच फोटो काढतो. फूल सेंटिमीटरभर, पाच पाकळ्यांचं, फिकट गुलाबी. सकाळच्या उन्हात उमलतं, दुपारपर्यंत मिटतं. बी धरायला त्याला दुसऱ्या झाडाची गरज नाही. वाळू सुकली की झाड संपतं आणि बारीक काळं बी तिथेच उन्हाळा काढतं. आत्ता रोप उपटलं तर पुढल्या पावसाचं बी गेलंच की.

तेव्हा तूच ये. गणपती झाले की, नवरात्राच्या आत. रात्रीची गाडी धर, सकाळी आठला सड्यावर जाऊ. उशिरा उठलास तर मिटलेल्या कळ्या बघून मलाच नावं ठेवशील. भिंग आण आणि पकड असलेली चप्पल घाल, कातळावर शेवाळ आहे.

वहिनींना नमस्कार.

तुझा,
बापू