सही करण्याआधी

चि. सोहम,
अनेक आशीर्वाद.

तुमच्या ग्रुपच्या टीव्हीवरच्या नाचाच्या कार्यक्रमाचं संमतीपत्र मिळालं. तू अजून अठराचा नाहीस, म्हणून चॅनेलला आमची सही हवी. बाबांनी पेन काढलंच होतं, मी म्हटलं जरा थांबा. फोनवर तू "हो गं आई, हो" म्हणून सुटतोस, म्हणून लिहितेय.

आधी तुझा रुसवा. "मी बेसमध्ये, खाली उभं राहून झेलणाऱ्यांत, टीव्हीवर दिसणारपण नाही," असं आत्याला म्हणालास म्हणे. काल ताईने आम्हाला व्ही. अनबीटेबलचे व्हिडिओ लावून दिले. मुंबईचीच पोरं, उड्या-कोलांट्यांचा नाच करणारी. २०१९ मध्ये 'अमेरिकाज गॉट टॅलेंट'ला चौथी आली आणि २०२० मध्ये त्याच्याच 'चॅम्पियन्स' पर्वात पहिली. बाबा उडणाऱ्या पोराकडे बघत होते. मी व्हिडिओ मागे नेऊन नेऊन खालच्यांना बघितलं. वरचा हवेत कोलांटी घेत असतो तेव्हा ह्यांच्या माना वर आणि हात रिकामे. तो आला की आधी गुडघे वाकतात, मग कोपर, आणि पोरगा अलगद उभा. लगेच हे तालावर दुसरीकडे पळालेले. कॅमेरा मात्र वरच्याच्या तोंडावर. तेव्हा दिसत नाही म्हणतोस ते खरंच आहे. पण आपल्या पथकात काका कधी वर चढलाय का? तो नसला की दहीहंडीला वरचा थर लावायचा विषयच निघत नाही.

तुझ्या आवडत्या 'किंग्ज' ग्रुपचा नाचही पाहिला. 'वर्ल्ड ऑफ डान्स'च्या अंतिम फेरीत तिन्ही परीक्षकांनी शंभरपैकी शंभर दिले, दहा लाख डॉलर मिळाले. छान. अभिमान वाटतोच.

पण त्या 'व्ही'चा अर्थ तू मला कधी सांगितला नाहीस. व्ही म्हणजे विकास. त्यांच्यातलाच एक, सरावात पडला आणि वाचला नाही. पोरं त्याचं नाव पाठीवर घेऊन नाचतात. तो स्टेजवर नाही, सरावात पडला रे. माझं घोडं तिथेच अडलंय.

आत्या म्हणते तुम्ही हॉलमध्ये नुसत्या फरशीवर सराव करता. नवी उडी आधी गादीवर बसवता की नाही? झेलणारा एखादा तापाने झोपला तर ती उडी त्या दिवशी गाळता, की समोर दिसेल त्याला उभं करता? रात्री उशिरापर्यंत शूटिंग चाललं, तर दमलेल्या हातांनी झेलायचं का? आणि विमा कुणी उतरवलाय, तो फक्त शूटिंगपुरता की सरावाचाही? संमतीपत्राच्या शेवटी बारीक अक्षरात आहे, इजा झाल्यास वाहिनी जबाबदार नाही. बाबा तिथवर पोचलेच नव्हते.

हे सगळं तुझ्या सरांना विचार. त्यांना राग आला तर तेही कळव, म्हणजे बाबा स्वतः येऊन बोलतील. उत्तरं फोनवर नकोत, लिहून पाठव. कागद कपाटात ठेवलाय, उत्तरं आली की सही होईल.

तुझी,
आई